काळोखातले घड्याळ
कुटुमसरची गुहा, तिच्यातील मासे आणि वेळेची जाणीव

मुचकुंद राजाची कथा आपल्यापैकी बहुतेकांनी लहानपणी ऐकलेली असते. देवांच्या बाजूने लढून थकलेला हा राजा एका गुहेत जाऊन झोपला. पुढे कालयवनाला चुकवत श्रीकृष्ण त्याच गुहेत शिरला. मागोमाग आलेल्या कालयवनाने झोपलेल्या राजाला लाथ मारली आणि राजाच्या नजरेने तो भस्म झाला. कथेतला खरा गमतीचा भाग त्यानंतरचा आहे. मुचकुंद गुहेबाहेर आला तेव्हा माणसे, जनावरे, झाडे सगळीच त्याला खुजी झालेली दिसली. त्यावरून त्याने ताडले की आपण झोपलो असताना युग पालटले!

गुहेत काळ वेगळ्या गतीने चालतो ही कल्पना जगातील अनेक लोककथांत सापडते. विज्ञानकथा लिहिणाऱ्यांनाही तिचा मोह पडतो. पाण्याने भरलेल्या गुहा, त्यांत विचित्र प्राणी आणि तेथे गेलेल्या माणसाचा चुकलेला कालहिशेब, अशी ती मांडणी असते. या कल्पनेत तथ्य किती? काळ स्वतः गुहेतही तसाच चालतो. तेथे ठेवलेले मनगटी घड्याळ मागे पडत नाही. परंतु सजीवांच्या शरीरातील घड्याळाचे काय? ते गुहेतही चालते का? चालत असेल तर त्याला चावी कोण देते? या प्रश्नांची काही मोलाची उत्तरे आपल्या अगदी शेजारच्या एका गुहेतून, बोटभर लांबीच्या माशाकडून मिळाली आहेत. ती गुहा म्हणजे बस्तरमधील कुटुमसर.

नागपूर आणि बस्तर

बस्तर आज छत्तीसगड राज्यात आहे, पण नागपूरशी त्याचा संबंध जुना आहे. अठराव्या शतकात बस्तरचे राजे नागपूरकर भोसल्यांचे मांडलिक झाले. भोसल्यांचे राज्य इंग्रजांनी खालसा केले आणि १८६१ साली मध्य प्रांत स्थापन होऊन नागपूर त्याची राजधानी झाली. बस्तर हे या प्रांताच्या देखरेखीखालचे एक संस्थान राहिले. १९४८ मध्ये संस्थान विलीन झाले. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेपर्यंत जगदलपूरच्या कचेरीतले कागद नागपूरलाच येत असत.

पाण्याचे नातेही आहे. नागपुरातील नाग नदीचे पाणी कन्हान, वैनगंगा आणि प्राणहिता या वाटेने गोदावरीत जाते. कुटुमसरच्या परिसरातील कांगेर नदीचे पाणी कोलाब नदीतून, जिला पुढे शबरी म्हणतात, त्याच गोदावरीला मिळते. म्हणजे दोन्हीकडचा पाऊस शेवटी एकाच नदीतून समुद्रात पोहोचतो.

खडकांच्या बाबतीत मात्र दोन्ही ठिकाणे अगदी वेगळी आहेत. नागपूर शहर एका सीमारेषेवर वसलेले आहे. सीताबर्डीची टेकडी आणि तिच्या पश्चिमेचा मुलूख काळ्या बेसॉल्टचा, म्हणजे सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा. पूर्वेकडे त्याहून कितीतरी जुने खडक उघडे पडतात. बेसॉल्ट पाण्यात विरघळत नाही. म्हणून महाराष्ट्रातील प्रसिद्ध गुहा, अजिंठा असो की कार्ले, या माणसाने छिन्नीहातोड्याने कोरलेल्या लेणी आहेत. बस्तरमधील कांगेर खोऱ्यात चुनखडक आहे, तोही पन्नास कोटी वर्षांहून कितीतरी जुना. तेथे कोरण्याचे काम पाण्याने केले.

हे काम कसे चालते ते वर्गात दाखवता येते. चुन्याच्या स्वच्छ निवळीत काचेच्या नळीने हळूहळू फुंकर घाला. निवळी तोंडात जाऊ नये याची काळजी घ्या. उच्छ्वासातील कार्बन डायऑक्साइडमुळे निवळी दुधाळ होते. येथपर्यंतचा प्रयोग प्रत्येक पाठ्यपुस्तकात असतो. पण फुंकणे तसेच बराच वेळ चालू ठेवा. दुधाळ पाणी पुन्हा स्वच्छ होऊ लागते! न विरघळणाऱ्या कॅल्शियम कार्बोनेटचे विरघळणाऱ्या बायकार्बोनेटमध्ये रूपांतर झालेले असते. हवेतून आणि मातीतून कार्बन डायऑक्साइड घेतलेले पावसाचे पाणी चुनखडकाच्या भेगांत शिरते तेव्हा हेच होते. भेग रुंदावते, तिची वाट होते, वाटेचे दालन होते. आता ते स्वच्छ झालेले पाणी उकळा. ते पुन्हा गढूळ होते, कारण वायू निघून गेला आणि कार्बोनेट खाली बसले. गुहेच्या छतावरून टपकणाऱ्या थेंबातील वायूही असाच, पण न उकळता, अतिशय सावकाश निघून जातो. थेंबागणिक चुन्याचा कण मागे राहतो आणि हजारो वर्षांत छताला लोंबणारे व जमिनीवरून वर वाढणारे लवणस्तंभ तयार होतात. गुहा कोरणारी आणि गुहा सजवणारी रासायनिक क्रिया एकच आहे, फक्त तिची दिशा उलट.

गुहेची ओळख

जगदलपूरपासून सुमारे ४० किलोमीटरवर, आज कांगेर खोरे राष्ट्रीय उद्यान म्हणून ओळखल्या जाणाऱ्या जंगलात कुटुमसर नावाचे गाव आहे. गुहेला नाव त्या गावाचे मिळाले. तिला पूर्वी गोपनसर असेही म्हणत. परिसरातील आदिवासींना ही जागा अर्थातच माहीत होती. तिचे पद्धतशीर सर्वेक्षण करून ती अभ्यासकांच्या नजरेस आणली ती डॉ. शंकर तिवारी या भूगोलाच्या अभ्यासकाने, १९५० च्या दशकात.

टेकडीच्या कुशीत एक अरुंद उभी फट आहे. तिच्यातून वाकून, सरकत खाली उतरावे लागते. पुढे मुख्य बोगदा सुमारे २०० मीटर लांब आहे आणि त्याला अनेक फाटे आहेत. तोंडाजवळचा अंधुक उजेड काही पावलांतच संपतो. त्यानंतर जो काळोख लागतो तसा आपल्या अमावास्येच्या रात्रीही नसतो. आत हवा आणि पाणी दोन्हींचे तापमान वर्षभर फारसे बदलत नाही. पाणी २६ अंश सेल्सियसच्या आसपास राहते. बस्तरचा उन्हाळा आणि थंडी यांचा पुसटसा माग तेवढा तेथे लागतो.

वर्षातून एकदा मात्र गुहा पूर्ण पालटते. जूनच्या मध्यावर पाऊस सुरू झाला की पुराचे पाणी आत घुसते आणि पुढचे चार महिने गुहेचा मोठा भाग पाण्याखाली जातो. या काळात तेथे कोणालाही जाता येत नाही. पाणी ओसरले की खोलगट जागी डबकी उरतात. पालापाचोळा, काटक्या, किडे असे जे काही पुराने आणले ते आणि वटवाघळांची विष्ठा एवढ्यावरच आतील सजीवसृष्टी वर्षभर गुजराण करते. हिरवी वनस्पती नाही, कारण उजेड नाही. अन्नसाखळी शिकवताना आपण फळ्यावर सूर्यापासून सुरुवात करतो. येथे सूर्य दिसत नाही, पण त्याच्याशिवाय चालतही नाही. त्याची शिदोरी पुराबरोबर आणि वटवाघळांबरोबर आत येते.

या गुहेतील एक फिकट रंगाचा, लांबलचक मिशांचा रातकिडा शास्त्राला नवा ठरला. १९७७ मध्ये त्याचे वर्णन प्रसिद्ध झाले आणि त्याला केम्पिओला शंकराय असे नाव मिळाले. नावाचा दुसरा भाग शंकर तिवारींच्या नावावरून. पहिला भाग स्टॅन्ले केम्प यांच्यावरून आला आहे. केम्प व बी. चोप्रा यांनी १९२२ मध्ये मेघालयातील सिजू गुहेतील प्राण्यांचा शोध घेतला होता. भारतातील गुहाजीवशास्त्राची ती पहिली मोठी मोहीम. एका रातकिड्याच्या दोन शब्दांच्या नावात या विषयाच्या भारतीय इतिहासाचे दोन टप्पे असे शेजारी शेजारी बसले आहेत.

पुण्याचा मासा, बस्तरची गुहा

डबक्यांत सापडला तो मासा. बोटाएवढा, तळाशी दगडांत दडणारा, तोंडाभोवती मिशा असलेला, लोच गटातला. गुहेतील हे मासे फिकट, गुलाबीसर पांढरे दिसतात. डोळे खुरटलेले असतात, पण सर्वांत सारखे नाही. कोणात लहान, तर कोणात जवळजवळ नाहीसे झालेले.

अभ्यासकांनी या माशाला जे नाव दिले ते पुण्याकडचे होते! फ्रान्सिस डे हे मद्रासच्या लष्करी सेवेतील शल्यवैद्य. पुढे ते मत्स्यव्यवसायाचे महानिरीक्षक झाले आणि भारतातील माशांवरचा त्यांचा ग्रंथ आजही पायाभूत मानला जातो. १८७२ मध्ये त्यांनी पुण्यातील नदीच्या एका लहान माशाचे वर्णन केले आणि तेथील मासे मिळवून देणाऱ्या कर्नल एव्हझर्ड यांच्या नावावरून त्याला निमॅकायलस एव्हझार्डी म्हटले. पुढे त्याची प्रजाती बदलून इंडोरिओनेक्टीस झाली. उघड्या ओढ्यात राहणारा, डोळस, अंगावर पट्टे असलेला हा मासा. कुटुमसरच्या गुहेतील मासे याच जातीचे, पण काळोखात स्थायिक झालेले, असे ठरवण्यात आले. २०२० मध्ये तेलंगणातून आणि २०२१ मध्ये पश्चिम घाटातून याच प्रजातीतील आणखी जाती वेगळ्या ओळखल्या गेल्या. त्यामुळे बस्तरच्या माशाचे नाव पुढे बदलूही शकेल. परंतु महत्त्वाची गोष्ट त्याने बदलत नाही. गुहेबाहेरच्या ओढ्यांत या माशाचे डोळस भाईबंद आजही पोहत आहेत.

ही गोष्ट इतकी महत्त्वाची का? कारण तुलनेसाठी दोन गट हवे असतात. गुहेतील प्राण्याचे पूर्वज पुष्कळदा नामशेष झालेले असतात. मग काय बदलले हे सांगायचे कशाच्या आधारे? येथे मूळ आणि बदललेला असे दोन्ही मासे शेजारी शेजारी ठेवून एकाच प्रकारे तपासता येतात. शिवाय कुटुमसरचा मासा पूर्ण बदललेला नाही, अर्ध्या वाटेवर आहे. एखादी इमारत कशी बांधली हे पाहायचे तर ती अर्धवट उभी असतानाच पाहावी लागते, तसेच हे.

डोळे ‘वापर नाही म्हणून’ गेले का?

येथे एका नेहमीच्या चुकीच्या समजुतीकडे लक्ष द्यायला हवे. ‘अंधारात डोळ्यांचा उपयोग नाही, म्हणून ते हळूहळू नाहीसे झाले’ हे वाक्य विद्यार्थी सहज लिहितात आणि आपण त्यावर बरोबरची खूण करतो. खुद्द डार्विननेही १८५९ च्या आपल्या ग्रंथात गुहेतील प्राण्यांचे डोळे जाण्याचे कारण न वापरणे हेच दिले होते. परंतु एका पिढीने डोळे वापरले नाहीत म्हणून पुढच्या पिढीच्या जनुकांत बदल होत नाही.

मग काय होते? बाहेरच्या ओढ्यात डोळ्यात दोष असलेला मासा चटकन कोणाचा तरी घास होतो. गुहेत असा दोष आड येत नाही, त्यामुळे तो पुढच्या पिढ्यांत साठत राहतो. याशिवाय डोळा आणि त्यामागची मेंदूची यंत्रणा चालवायला ऊर्जा लागते. जेथे अन्नाची चणचण, तेथे हा खर्च वाचवणाऱ्याचा निभाव लागतो. मेक्सिकोतील गुहांमध्ये ॲस्टियानॅक्स नावाच्या माशाचे आंधळे प्रकार आहेत. त्यांच्यावरील प्रयोगांत आणखी एक आश्चर्य दिसले. आंधळ्या माशाच्या भ्रूणात डोळा तयार व्हायला सुरुवात होते आणि मग तो झडतो. २००० साली यामामोटो व जेफ्री यांनी डोळस माशाच्या भ्रूणातील भिंग काढून आंधळ्या माशाच्या भ्रूणात बसवले, तेव्हा त्या बाजूला डोळा वाढला! डोळा बांधण्याची सामग्री शिल्लक होती, मधला एक निरोप तेवढा पोहोचत नव्हता. पुढे हेही दिसले की ज्या जनुकीय बदलामुळे डोळा खुंटतो त्याच बदलामुळे जबडा आणि चवीच्या ग्रंथी जास्त वाढतात. म्हणजे ‘गेले’ एवढेच म्हणणे अपुरे आहे. एकाच्या बदल्यात दुसरे मिळाले.

डोळ्यांचे हे असे. मग घड्याळाचे काय?

शरीरातील घड्याळाचा शोध

शरीरात घड्याळ असते हे कळायलाही काळोखच उपयोगी पडला. १७२९ मध्ये फ्रेंच शास्त्रज्ञ द मेरां याने दिवसा पाने उघडणारी व रात्री मिटणारी एक वनस्पती अंधारात ठेवली. सूर्य दिसत नसतानाही तिची पाने ठरल्या वेळी उघडत मिटत राहिली. लय बाहेरून येत नव्हती, ती वनस्पतीच्या आत होती.

माणसावर असा प्रयोग करायचा तर त्याला गुहेतच न्यायला हवे. १९३८ मध्ये अमेरिकेतील मॅमथ गुहेत क्लाइटमन आणि त्याचा विद्यार्थी रिचर्डसन हे दोघे ३२ दिवस राहिले आणि २८ तासांचा ‘दिवस’ पाळण्याचा प्रयत्न केला. त्याहून धाडसी प्रयोग १९६२ मधला. मिशेल सिफ्र हा तेवीस वर्षांचा फ्रेंच भूशास्त्रज्ञ आल्प्समधील एका गुहेत घड्याळाशिवाय एकटा उतरला. आत बर्फ होते, गारठा आणि ओल होती. उठल्यावर, जेवताना आणि झोपताना तो वर दूरध्वनी करी. वरचे लोक वेळ लिहून ठेवत, पण त्याला काहीही सांगत नसत. १४ सप्टेंबरला त्याला बाहेर काढले तेव्हा त्याच्या हिशेबाने तारीख होती २० ऑगस्ट! जवळजवळ पंचवीस दिवस त्याच्या मोजणीतून निसटले होते. सेकंदाला एक अशा गतीने १२० पर्यंत आकडे मोजायला सांगितले असता त्याला सुमारे पाच मिनिटे लागली.

मुचकुंदाची कथा खरी झाली असे वाटेल. पण वरच्या लोकांनी लिहून ठेवलेल्या नोंदी तपासल्यावर निराळेच चित्र दिसले. सिफ्रचे झोपणे व जागे होणे सरासरी साडेचोवीस तासांच्या चक्रात बऱ्यापैकी नियमित चालले होते. मनाचा हिशेब कोलमडला होता, शरीराचे घड्याळ मात्र फक्त अर्धा तास मागे पडत होते. म्हणजे घड्याळ सूर्य बनवत नाही, सूर्य ते रोज जुळवतो. आपण घरातले मागे पडणारे घड्याळ आकाशवाणीच्या वेळेबरोबर लावून घ्यायचो, तसेच. या घड्याळाची पेशीतील जनुकीय यंत्रणा उलगडणाऱ्या हॉल, रॉसबॅश व यंग यांना २०१७ चे नोबेल पारितोषिक मिळाले.

सिफ्र दोन महिने गुहेत होता. ज्या प्राण्यांच्या असंख्य पिढ्या काळोखात गेल्या, ज्यांचे घड्याळ सूर्याशी जुळवायला कोणी आलेच नाही, त्यांचे काय? हा प्रश्न माणसावरच्या प्रयोगाने सुटणार नव्हता.

रायपूरचे प्रयोग

हा प्रश्न कुटुमसरच्या माशाला विचारला तो रायपूरच्या पंडित रविशंकर शुक्ल विद्यापीठातील अभ्यासकांनी. ए. के. पती, आर. के. प्रधान, एस. एम. अग्रवाल, जयंत बिस्वास आणि त्यांचे सहकारी यांनी १९८० च्या दशकापासून या माशांच्या वागण्याच्या नोंदी ठेवल्या. या कामाला अवाढव्य यंत्रे लागत नाहीत. माशाच्या तीन सवयींवर लक्ष ठेवले की पुष्कळ कळते. तो किती हालचाल करतो, उजेडाकडे जातो की उजेड टाळतो, आणि हवेचा घोट घ्यायला पाण्याच्या पृष्ठभागावर किती वेळा येतो. ठरावीक अंतराने, दिवसरात्र, ही मोजणी करत राहण्याची चिकाटी मात्र लागते.

१९९० मध्ये प्रसिद्ध झालेल्या कामात हवा गिळण्याच्या सवयीत दोन लयी आढळल्या. एक दिवसाची आणि दुसरी चक्क वर्षाची. सूर्य न पाहणाऱ्या माशाला वर्ष कसे कळत असावे? दरवर्षी येणारा पूर आठवला की हा प्रश्न तितका अवघड वाटत नाही. २००१ मध्ये पती यांनी गुहेतील मासे आणि त्यांचे डोळस भाईबंद यांच्या हालचालींची उजेड व अंधाराच्या वेगवेगळ्या वेळापत्रकांत तुलना केली. निष्कर्ष असा की गुहेतील माशात घड्याळ अजून आहे, चालूही आहे. परंतु त्याच्यात पूर्वीची एकवाक्यता उरलेली नाही. एकाचे चांगले चालते, दुसऱ्याचे क्षीण, असा माशागणिक फरक पडतो. माशांच्या डोळ्यांतही असाच फरक असतो हे आपण पाहिले.

सर्वात बोलका प्रयोग १९८९ चा आहे. माशांना अन्न देण्याची वेळ बदलली की त्यांच्या उजेडाला प्रतिसाद देण्याच्या लयीतही बदल होतो, असे त्यात दिसले. म्हणजे घड्याळ लावायला सूर्य नसेल तर जेवणाची वेळही कामी येते. वसतिगृहातील मुलांना घंटेआधीच भूक लागते, त्यातला हा प्रकार.

दुसऱ्या गुहांची साक्ष

या निष्कर्षाला पुढे अगदी दूरवरून दुजोरा मिळाला. सोमालियाच्या वाळवंटाखालील पाण्यात फ्रिॲटिक्थिस नावाचा मासा राहतो. तो निदान चौदा लाख वर्षे काळोखात कोंडलेला आहे आणि पूर्ण आंधळा आहे. २०११ मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनात त्याला उजेड व अंधाराचे चक्र दिले, तेव्हा त्याच्या घड्याळावर काहीही परिणाम झाला नाही. ठरल्या वेळी अन्न दिले, तेव्हा मात्र घड्याळ लागले! आणि मोकळे सोडल्यावर त्या घड्याळाचा एक फेरा किती तासांचा भरला? सुमारे ४७ तासांचा. आपल्या दोन दिवसांचा त्याचा एक दिवस.

मेक्सिकोतील आंधळ्या माशाची गोष्ट आणखी पुढची. २०१४ मध्ये त्याच्या ऑक्सिजन वापराची मोजणी झाली. डोळस मासा दिवसा येणाऱ्या कामांसाठी शरीराची भट्टी आधीच पेटवून ठेवतो. गुहेतील माशात ही रोजची चढउतार नव्हती, आणि त्यामुळे तो सुमारे २७ टक्के ऊर्जा वाचवत होता. जेथे सकाळच होत नाही तेथे सकाळची तयारी कशाला?

हे तीन मासे एका ओळीत ठेवून पाहा. ते एकमेकांचे पूर्वज नाहीत. तिन्ही वेगळ्या कुळांचे, वेगळ्या खंडांतले. तरी डोळा आणि घड्याळ बदलण्याच्या वाटेवरील ते तीन मुक्काम आहेत असे म्हणता येते. मेक्सिकोच्या माशाने शरीराच्या खर्चातला दिवस आणि रात्रीचा भेद सोडला. सोमालियाच्या माशाचे घड्याळ उजेडाला बहिरे झाले आणि अन्नाचे ऐकू लागले. कुटुमसरच्या माशात जुने घड्याळ अजून टिकटिकते आहे, पण डळमळू लागले आहे. डोळा आधी खुरटला, घड्याळ मागून निघाले आहे. एकच अवयव, एकच कारण, एकच परिणाम असा सरळ हिशेब उत्क्रांतीत नसतो, हे शिकवायला याहून चांगले उदाहरण सापडणे कठीण.

गुहेत वेळेची बातमी आणणारा आणखी एक प्राणी आहे, वटवाघूळ. मदुराईचे एम. के. चंद्रशेखरन, जी. मारिमुथु आणि त्यांचे सहकारी यांनी १९८१ मध्ये दाखवले की गुहेच्या खोल भागात पिंजऱ्यात ठेवलेल्या वटवाघळाला सूर्यास्त दिसत नसला तरी, भोवतालच्या मोकळ्या वटवाघळांच्या येण्याजाण्यावरून त्याचे घड्याळ चोवीस तासांना जुळून राहते. शेजारी नसले की ते आपल्याच गतीने भरकटू लागते. ज्याला सूर्य दिसत नाही त्याला शेजाऱ्याकडून वेळ कळते. कुटुमसरमध्येही वटवाघळे संध्याकाळी बाहेर पडतात आणि पहाटे परततात, आणि त्यांची विष्ठा खाली पडते. जेवणाची घंटा कोणीतरी वाजवत असते.

वर्गात करता येण्याजोगे

द मेरांचा प्रयोग कोणत्याही शाळेत होऊ शकतो. कुंडीतील लाजाळूचे किंवा चिंचेचे रोप घ्या. दोन दिवस त्याची पाने किती वाजता मिटतात व किती वाजता उघडतात याची नोंद ठेवा. मग ते मोठ्या खोक्यात, पूर्ण अंधारात ठेवा. दोन तीन दिवस, दर काही तासांनी, मंद हिरव्या प्रकाशात क्षणभर पाहून नोंद करा. लय टिकते का? वेळ पुढे सरकते की मागे? किती दिवसांनी रोप मलूल होते आणि लय हरवते? आलेख विद्यार्थ्यांनीच काढावा.

दुसरा प्रयोग त्याहून सोपा आहे. घड्याळे झाकून, डोळे मिटून, मुलांना दोन मिनिटे झाली असे वाटले की हात वर करायला सांगा. हात वर करण्याच्या वेळा लिहून सरासरी काढा. मग तोच प्रयोग जेवणाच्या सुट्टीच्या अगदी आधी करा. सरासरीत फरक पडतो का हे पाहण्यासारखे असते. मनाचे घड्याळ आणि शरीराचे घड्याळ यांतील फरकावर चर्चा सुरू करायला एवढे पुरे.

काळोख सांभाळण्याची गोष्ट

कांगेर खोरे १९८२ मध्ये राष्ट्रीय उद्यान झाले. कुटुमसरची गुहा पर्यटकांसाठी खुली आहे, पावसाळ्याचे महिने वगळता. दरवर्षी हजारो माणसे त्या फटीतून खाली उतरतात. त्यांत शाळांच्या सहलीही असतात. लवणस्तंभ पाहून मुले हरखून जातात आणि ते योग्यच आहे.

पण या गुहेची खरी संपत्ती लवणस्तंभ नव्हे. ती संपत्ती म्हणजे काळोख. वर्षानुवर्षे वाटाडे पेट्रोमॅक्सच्या बत्त्या घेऊन लोकांना आत नेत. त्यांतून उजेड, उष्णता आणि काजळी तिन्ही आत गेली. माणसाच्या श्वासाबरोबर कार्बन डायऑक्साइड आणि वाफ जाते, पायांबरोबर माती आणि बुरशीचे बीजाणू जातात. फ्रान्समधील लास्को गुहा १९४८ मध्ये पर्यटकांना उघडली. आदिमानवाच्या चित्रांवर शेवाळ चढू लागल्यामुळे ती पंधरा वर्षांत, १९६३ मध्ये बंद करावी लागली. तेथे निदान चित्रांवरचे शेवाळ डोळ्यांना दिसले. माशाचे घड्याळ बिघडले तर ते कोणाला दिसणार? रोज सकाळी अकरा वाजता डबक्यावर दिवे येत असतील आणि कोणी हौसेने त्यात फुटाणे टाकत असेल, तर त्या माशाला नवा सूर्य आणि नवी जेवणाची वेळ मिळाली. मग पुढच्या संशोधकाला तेथे जी लय आढळेल ती माशाची की पर्यटकांची?

निसर्गाने हा प्रयोग कोणाच्याही परवानगीशिवाय मांडला आणि कित्येक हजार पिढ्या चालू ठेवला. प्रयोगशाळेत तो पुन्हा मांडता येणार नाही, कारण तेवढा वेळ आपल्यापाशी नाही. सहल घेऊन जाणाऱ्या शिक्षकाने निदान एवढे करावे. मुलांना मोठ्या गटाने एकदम आत नेऊ नये. विजेरीचा झोत पाण्यावर टाकू देऊ नये, काही खायला टाकू देऊ नये, काही उचलू देऊ नये. आणि एखाद्या सुरक्षित, सपाट जागी, वाटाड्याला सांगून, मिनिटभर सर्वांच्या विजेऱ्या बंद करायला लावाव्या. ते मिनिट संपले असे वाटेल तेव्हा मुलांनी मनात म्हणावे, ‘झाले’. बाहेर आल्यावर कोणाचे मिनिट किती सेकंदांचे भरले याची चर्चा करावी. डबक्याच्या तळाशी दगडाआड बसलेल्या माशाबद्दल तेव्हा सांगितलेले मुलांच्या जास्त लक्षात राहते.